खंय चल्लंस?

सकाळी साडेसहाच्या सुमाराला मी घरातून निघतो आणि बंदरापर्यंत चालत जातो. वाट जेमतेम सव्वा किलोमीटरची. तेवढ्यात सात-आठ जण तरी एकच प्रश्न विचारतात, "खंय चल्लंस?" कुणी तोंडात ब्रश धरून गडग्याच्या, म्हणजे दगडी कुंपणाच्या, पलीकडून विचारतो, कुणी सायकलवरून, पाय खाली न टेकता. मी म्हणतो, "हंयच." तो म्हणतो, "बरां." झालं, दोघंही आपापल्या वाटेला.

मालवणी ज्यांच्या कानावरची नाही त्यांच्यासाठी सांगतो : कुठे निघालास, इथेच, बरं. माहिती म्हणून पाहिलं तर या बोलण्यात काहीच नाही. मी बंदरावर चाललोय हे विचारणाऱ्याला पक्कं ठाऊक असतं, कारण त्या रस्त्याला पुढे बंदराशिवाय दुसरं काही नाहीच. माझा मुलगा मुंबईत वाढला. लहानपणी सुट्टीत गावी आला की त्याला हे फार खटकायचं. "बाबा, आपण कुठे जातोय ते ह्यांना कशाला हवंय?" असं विचारायचा. तेव्हा मला त्याला नीट उत्तर देता आलं नव्हतं. आज जे लिहितोय ते थोडं त्याच्यासाठीही आहे.

ब्रॉनिस्लाव्ह मॅलिनॉव्स्की नावाचा एक मानववंशशास्त्रज्ञ पहिल्या महायुद्धाच्या काळात न्यू गिनीजवळच्या ट्रोब्रिअंड बेटांवर जाऊन राहिला होता. १९२३ साली छापलेल्या एका निबंधात त्याने असल्या बोलण्याचा विचार केला आहे. त्याचं म्हणणं असं, की इथे शब्दांच्या अर्थाला फारसं महत्त्व नाही, बोलल्याने माणसं एकमेकांशी बांधली जातात, ते महत्त्वाचं. उदाहरणादाखल त्याने इंग्रजांचं "आज हवा छान आहे" घेतलं आणि त्या बेटांकडचं "कुठून आलास?" घेतलं. ते वाचलं तेव्हा मला फार बरं वाटलं. म्हणजे आमचा गडग्यावरचा प्रश्न तिकडच्या वाळूतही कुणीतरी कुणालातरी विचारत होतं.

पण त्याने पुढे जे कारण दिलंय ते मला पटत नाही. दोन माणसं समोरासमोर गप्प उभी राहिली की मनावर ताण येतो, तो घालवायला हे बोलणं लागतं, असं तो म्हणतो. आमच्याकडे गप्प बसण्याचा ताण कुणाला येत नाही. पावसाळ्यात मासेमारी बंद असते, १ जून ते ३१ जुलै. तेव्हा मांगराच्या खोपटात जाळी शिवत बसलेले दोघे जण बघा. तास तास एक अक्षर बोलत नाहीत, आणि उठताना दोघांनाही पोटभर गप्पा झाल्यासारखं वाटतं. गप्प राहणं आम्हाला येतं. "खंय चल्लंस" म्हणजे तू मला दिसलास, एवढंच. आणि तू इथला आहेस.

दुसऱ्या वाक्याची किंमत मला तेहतीस वर्षांनी कळली.

१९८९ साली बारावी झाल्यावर मी मुंबईला गेलो. गणपतीला आणि शिमग्याला गावी यायचं, चुकवायचं नाही, हा चाकरमान्यांचा नेम मीही पाळला. सुरुवातीची वर्षं रात्रीच्या एसटीने. कशेडी घाटात पोटात ढवळायचं, सकाळी अंगावर धुळीचा थर घेऊन फाट्यावर उतरायचो. २६ जानेवारी १९९८ पासून कोकण रेल्वे सगळ्या मार्गावर धावायला लागली आणि मग कुडाळला पहाटे उतरून रिक्षाने घर. प्रवास बदलला, पण फाट्यावर उभ्या माणसाचा प्रश्न तोच राहिला, "कधी इलंस?"

"काल रातीक."

आणि त्याला जोडूनच, श्वास न घेता, "कधी जातलंस?"

कधी आलास, कधी जाणार. विचारणाऱ्याच्या मनात काही नसतं. आपुलकीनेच विचारतो, चहाला बोलवायचं असतं, म्हणून दिवस मोजून ठेवतो. पण बॅग अजून खांद्यावरून उतरलेली नाही आणि परतीच्या तिकिटाची तारीख सांगायची, हे मला दर वर्षी टोचायचं. जन्म इथला, शाळा इथली, आणि मला "खंय चल्लंस" कुणी विचारत नाही! रस्त्याने माझ्याबरोबर माझा मित्र चालत असेल तर त्याला विचारायचे, "खंय रे?" आणि माझ्याकडे वळून, "कधी इलंस?" एकाच माणसाने, एकाच दमात.

२०२२ च्या जूनमध्ये मी कायमचा परत आलो. घराची कौलं चाळून घेतली, विहिरीवर पंप बसवला, रेशनकार्ड गावचं केलं. तरी लोक विचारत राहिले, "कधी इलंस?" मी सांगायचो, "आता कायमचो इलंय." ते मान डोलवायचे आणि पंधरा दिवसांनी पुन्हा तेच. गणपती झाले, दिवाळी झाली, तुळशीचं लग्न झालं. गावाच्या तोंडातला प्रश्न बदलायला अकरा महिने लागले. मेमधली सकाळ होती. होडीच्या सावलीत जाळ्याचा गुंता सोडवत बसलेल्या एका म्हाताऱ्याने मान वर न करताच विचारलं, "खंय चल्लंस?" मी दोन पावलं पुढे गेलो, मग माझ्या लक्षात आलं. मागे वळून त्यांच्याकडे बघत राहिलो. त्यांना त्यात काही विशेष वाटलं नव्हतं. ते गुंता सोडवत होते.

एका माणसाने मात्र मला तेहतीस वर्षांत एकदाही "कधी इलंस" विचारलं नव्हतं. फाट्यावर बॅग घेऊन उतरलो काय, एकटाच चालत आलो काय, त्याची एकच आरोळी यायची : "मेल्या!"

त्याचं नाव इथे लिहीत नाही. आम्ही ते वापरतही नव्हतो. शाळेच्या हजेरीपुरतं त्याला नाव होतं, घरातलं लाडाचं एक वेगळं होतं, आणि आमच्यात मी त्याचा मेल्या, तो माझा मेल्या.

मालवणीत पुरुषाच्या नावाला दोन तोंडं असतात. माघारी "बाबलो इलो", समोर "रे बाबल्या". माघारी "बाळगो", समोर "बाळग्या". तसंच "मेलो" आणि "मेल्या". पण मेलो म्हणजे मेला, वारला. आता विचार करा, दोन जिवंत माणसं रोज सकाळी एकमेकांना मेलेल्या म्हणून हाक मारतात आणि दोघांच्या तोंडावर हसू असतं. हे आलं कुठून? मूल जगत नसलं की पुढच्याचं नाव धोंडू ठेवायचे, दगडू ठेवायचे, केरू ठेवायचे. वाईटाची नजर त्याच्यावरून घसरून जावी, असल्या नावाच्या पोराला कोण नेणार, अशी आशा. माझी समजूत अशी आहे की "मेल्या" त्याच घराण्यातला आहे. ज्याला मी मेलेला म्हणूनच टाकलं त्याला न्यायला आता यम कशाला येईल! याला पुरावा काही नाही माझ्याकडे. पण माझ्या आजीचा आवाज आठवतो. पडवीतून ओरडायची, "मेल्या, पावसात भिजा नको." त्या हाकेत औषध होतं.

"तुज्या आवशीचो घोव" ही आमच्याकडची आणखी एक प्रसिद्ध गोष्ट. ऐकणारा दचकतो, पण शब्दशः बघितलं तर आवस म्हणजे आई, घोव म्हणजे नवरा. तुझ्या आईचा नवरा, म्हणजे तुझाच बाप! यापेक्षा निर्मळ शिवी मला दुसऱ्या कुठल्या मुलखात सापडलेली नाही. तीही मित्रालाच द्यायची. परक्याला दिली तर भांडण होतं, कारण परक्याशी अशी सलगी करायचा अधिकार आपल्याला नसतो.

दहा-अकरा वर्षांचे असताना आम्ही दोघं रापणीवर जायचो. होडीतून समुद्रात अर्धवर्तुळाकार जाळं टाकतात, त्याचे दोन्ही बाजूंचे दोर किनाऱ्यावर आणतात आणि दोन रांगा करून माणसं ते ओढतात. पोरांनी दोराच्या शेपटाशी लागायचं. ओढून झालं की मूठभर मासळी मिळायची. ओले दोर हाताला काचायचे, तळव्याची साल निघायची. तो माझ्या पुढे असायचा. दर थोड्या वेळाने मान न वळवता तो म्हणायचा, "मेल्या?" मी म्हणायचो, "मेल्या." एवढंच. मी मागे आहे ना, दोर सोडून पळालो नाही ना, हे तो तपासत होता आणि आहे असं मी सांगत होतो. समोर तीस-चाळीस माणसांची रांग, लाटांचा आवाज, तांडेलाच्या, म्हणजे म्होरक्याच्या, आरोळ्या. त्या गोंगाटात आमचं हे चालायचं. प्रश्नाचा आणि उत्तराचा शब्द एकच होता. पुढे जे घडलं त्यामुळे ही गोष्ट मला फार महत्त्वाची वाटायला लागली.

कारण सगळ्या हाका अशा परत येत नाहीत.

आमच्या लहानपणी गावात एक पाडेली, म्हणजे माडावरचे नारळ पाडणारे, होते. साठी उलटलेली, तरी सरसर माडावर चढायचे. वाडीतली दहा वर्षांची पोरं त्यांना नुसत्या नावाने, "रे" लावून हाक मारायची. ते उलट त्याच पोरांना "काय वो", म्हणजे "काय हो", म्हणायचे. मीही त्यांना तशी हाक मारली आहे. कुणी शिकवलं नव्हतं आणि कुणी थांबवलंही नव्हतं. "रे" हा मायेचा शब्द आहे असं आपण म्हणतो, पण ज्याला उलट "रे" म्हणायची मुभा नाही त्याच्यासाठी तो मायेचा कसा असेल? मालवणीत "कधी इलंस" आणि "कधी इलास" यात एवढासा फरक. अनुस्वार असला की तू, काना असला की तुम्ही. तो काना त्या माणसाला आम्ही कधी दिला नाही.

जुन्या काळी तर नमस्कारावरूनच जात ओळखायची. महारांनी "जोहार" म्हणायचं आणि तेही लांबून. चोखोबांच्या अभंगात तो "जोहार मायबाप" अजून ऐकू येतो. आणि म्हणूनच, १९२७ साली कोकणातल्याच महाडला चवदार तळ्याचं पाणी ज्या समाजाने ओंजळीत घेतलं, त्याने पुढे आपला नमस्कारही बदलून टाकला, यात मला फार मोठी गोष्ट दिसते. "जय भीम" म्हटलं की उत्तर "जय भीम"च येतं. वर-खाली काही उरत नाही. आमच्या हायस्कूलमधला एक वर्गमित्र बौद्धवाडीतला. आजही भेटला की आधी "जय भीम", मग मी "जय भीम", आणि त्यानंतर "मेल्या, माश्याचो भाव काय आज?" हे मला सरळ वाटतं. हाक गेली तशीच परत आली पाहिजे. मैत्रीची माझ्याकडे दुसरी कसोटी नाही.

उत्तर कोकणात, अलिबाग-उरणकडे, आगरी-कोळी मित्र एकमेकांना "दादूस" म्हणतात. दोघंही एकमेकांचे दादूस. धाकटा कोण हा प्रश्नच नाही. गोव्यात मालीमच्या जेटीवर खलाशी म्हणून गेलेली आमची पोरं परत येताना "पात्रांव" घेऊन येतात. पोर्तुगीजातला मालक या अर्थाचा शब्द, आणि दोन खलाशी एकमेकांना मालक म्हणतात! हल्लीची पोरं "भावा" म्हणतात, "ब्रो" म्हणतात. माझ्या वयाचे लोक त्याला नाकं मुरडतात. मी नाही मुरडत. पर्यटकांना स्कुबासाठी घेऊन जाणाऱ्या होडीवर दिवसभर "सर, मॅडम" करून दमलेलं पोरगं संध्याकाळी दोर फेकताना पलीकडच्याला "धर भावा" म्हणतं, तेव्हा तो शब्द दोराइतकाच खरा असतो.

गेल्या वर्षी फेब्रुवारीत, एका सकाळी माझा तो रापणीवरचा मित्र उठला तो उजवा हात उचलेना. तोंड वाकडं झालं होतं. बायकोने विचारलं काय होतंय, तर ओठ हलले, आवाज आला, शब्द आला नाही. आमच्याकडून असं काही झालं की बहुतेक सगळे गोव्याला बांबोळीच्या मोठ्या इस्पितळात नेतात. आम्हीही नेला. डॉक्टरांनी विचारलं, कधी सुरू झालं? मेंदूत गुठळी अडकली असेल तर ती विरघळवायचं औषध साडेचार तासांच्या आत द्यावं लागतं. तो रात्री नऊला झोपला होता. झोपेत कधी झालं, कोण सांगणार? घड्याळ कधीच पुढे निघून गेलं होतं.

निघताना अँब्युलन्सच्या दाराशी त्याची आई आली होती. आमच्याकडे घर सोडताना "जातंय" म्हणायचं नसतं, "येतंय" म्हणायचं. नव्वदीला टेकलेली ती बाई त्याच्या पायाला हात लावून सारखी म्हणत होती, "येतंय म्हण. बाबा, येतंय म्हण." त्याने तोंड उघडलं. मग मीच म्हटलं, "येतंव आमी."

तीन आठवड्यांनी तो घरी आला. काठीवर चार पावलं टाकायला लागला, पण वाचा नव्हती. त्याला सगळं कळत होतं. त्याचे डोळे बघितले की शंका राहत नव्हती. आणि गाव त्याच्याशी बोलायला लागलं. कसं बोलायला लागलं ते सांगतो. पडवीत येऊन बसायचे आणि आवाज खाली आणायचे. "बरो आसस मां? जेवलंस मां? औशद घेतलंस मां?" तान्ह्या पोराशी बोलतात तसं, एकेक शब्द सुटा करून. ज्याला आयुष्यभर शिव्यांशिवाय कुणी हाक मारली नाही त्याला लोक "तात्या, तात्या" करायला लागले. एक जण तर "तुमी" म्हणाला.

आणि मी? मीही तेच केलं. हा माणूस मरता मरता वाचलाय, याला मेल्या कसं म्हणू? जीभ उचलेना. जो शब्द पंचेचाळीस वर्षं तोंडात होता त्याचा अर्थ मला पहिल्यांदाच ऐकू आला आणि मी घाबरलो. पहिल्याच दिवशी मी त्याच्या शेजारी बसून विचारलं, "कसो आसस रे आता?" हळू आवाजात. त्याने माझ्याकडे बघितलं आणि मान फिरवून माडांकडे बघत राहिला. दुसऱ्या दिवशी तेच. तिसऱ्या दिवशी तेच. मला वाटलं आजाराने चिडचिडा झालाय.

वाचा परत यावी म्हणून त्याला आठवड्यातून एकदा एका ताईंकडे न्यायचो. वयाने लहान, पण फार जीव लावून शिकवायच्या. त्यांनी पहिल्याच दिवशी एक गोष्ट सांगितली होती. उजव्या हाताने काम करणाऱ्या बहुतेकांची भाषा मेंदूच्या डाव्या अर्ध्यात असते. तिथे इजा झाली की मनातलं वाक्य जुळवता येत नाही. पण जे रोजच्या सवयीने आपोआप तोंडात येतं, एक-दोन-तीन मोजणं, नमस्कार, देवाचं नाव, गाणं, शिव्या, ते पुष्कळदा शिल्लक राहतं. मी नंतर त्याबद्दल वाचत गेलो. पॅरिसमध्ये १८६१ साली पॉल ब्रोका या शल्यवैद्याने तपासलेला एक रुग्ण होता. काही विचारलं की तो फक्त "तान, तान" म्हणायचा. आपलं म्हणणं लोकांना कळत नाही म्हणून चिडला की मात्र त्याच्या तोंडून एक अख्खी शिवी बाहेर पडायची. त्याचाही उजवा हात आणि पाय गेलेला होता.

ताईंनी त्याला विचारलं, भजन म्हणायचात का? तो आयुष्यभर वाडीच्या भजनात टाळ धरणारा. त्यांनी "जय जय राम कृष्ण हरी" सुरू केलं, आणि ज्याला "पाणी" म्हणता येत नव्हतं त्याने त्यांच्या आवाजात आवाज मिसळून ते स्वच्छ म्हटलं. त्याची बायको रडायला लागली. मलाही गहिवरून आलं. पण चाल थांबली की तो पुन्हा मुका. गाडीत बसल्यावर मी त्याला म्हटलं, "पाणी होया?" त्याने ओठ हलवले. काही नाही. भजन त्याच्या आत होतं, पण ते कुणाला उद्देशून नव्हतं. माणसाशी बोलायचं झालं की वाट बंद.

एप्रिल संपत आला होता. मी संध्याकाळी त्याच्याकडे गेलो होतो. आणखी दोघं-तिघं बसलेले. दशावताराचा विषय निघाला. रात्री शेजारच्या गावात नाटक होतं. सगळे एकमेकांना येतलंस काय, येतलंस काय विचारत होते, फक्त त्याला सोडून. मग एक जण त्याच्याकडे वळून म्हणाला, "तुका आमी मागीर सांगतलंव हां सगळा." तुला आम्ही नंतर सगळं सांगू, असं प्रेमानेच म्हणाला. त्याने डावा हात उचलला आणि खुर्चीच्या हातावर आपटला. सगळे गप्प झाले. कुणीतरी म्हणालं, "शांत हो, शांत हो बाबा."

त्या वेळी मला रापणीचा दोर आठवला. तीन महिने तो पुढे उभा होता आणि मागून हाकेला ओ येत नव्हती. त्याची वाचा गेली ती आजाराने, पण ओ द्यायचं मी का थांबवलं होतं?

मी उठलो आणि त्याच्यासमोर जाऊन उभा राहिलो. मोठ्याने, पूर्वीसारखाच ओरडलो, "मेल्या, उठ! नाटकाक जावचा आसा. काठी खंय तुजी?"

त्याची सून आतून धावत आली. बाकीचे माझ्याकडे बघायला लागले. त्याच्या तोंडाची डावी बाजू हलली. गळ्यात काहीतरी अडकल्यासारखा आवाज झाला. एकदा, दोनदा. मग "मे" आला, लांब, ओढलेला. मी वाट बघत राहिलो. कुणी मदत करू नये म्हणून मी हात आडवा धरला होता.

"मेल्या," तो म्हणाला.

गाडी करून त्याला नाटकाला नेला. खुर्ची पुढे टाकली. पहाटे नाटक संपेपर्यंत थांबणं शक्य नव्हतं, पण गणपतीची आरती आणि पुढचा तासभर तो बसला. परत येताना गाडीत त्याने तो शब्द आणखी सहा-सात वेळा म्हटला. कधी खड्डा आला म्हणून, कधी नुसताच. दर वेळी मी तोच शब्द परत म्हटला.

त्यानंतर एकेक शब्द येत गेला. फार नाहीत. ताई म्हणतात की सगळं परत येईलच असं नाही, पण ज्याला बोलायची ओढ आहे त्याचं येत राहतं. पाणी आलं, चाय आलं, आवशीला हाक मारायला आली. वाक्य अजून जुळत नाही. "आवशीचो घोव" मात्र पूर्ण येतं, अगदी ठसठशीत, आणि ते ऐकायला वाडीतली पोरं मुद्दाम पडवीत येऊन बसतात. त्याला ते आवडतं. त्याला कुणी तात्या म्हणत नाही आता.

त्याचं घर माझ्या बंदराच्या वाटेवरच आहे. सकाळी मी निघतो तेव्हा तो पडवीत, मांडीवर टॉवेल, डाव्या हातात चहाची कपबशी धरून बसलेला असतो. मी गडग्याशी आलो की कपबशी खाली ठेवतो. त्याला वेळ लागतो, आणि मला घाई नसते. मी गडग्याला हात टेकून उभा राहतो. तो ओठ जुळवतो, एकदा चुकतो, पुन्हा जुळवतो.

"खंय?"

"हंयच," मी म्हणतो.

तो मान डोलवतो आणि कपबशी उचलतो.